मनोहरकाकांचा डावा हात

"चाबी दो! अभी के अभी चाबी दो, नहीं तो गाड़ी चढ़ाकर ये गेट गिरा दूँगा!"

"कौन सी गाड़ी चढ़ाओगे, दुबेजी? गाड़ी तो अंदर खड़ी है."

हे दुसरं वाक्य मनोहरकाकांचं. ते फाटकाच्या आत, कमरेला चाबी खोचून उभे. बाहेर खडी-गिट्टीचे ठेकेदार दुबेजी, दोन्ही हातांनी गज धरून फाटक असं हलवत होते की शेडच्या पत्र्यावरची कबुतरं उडून थेट कटनीला जाऊन बसली. आणि मी, फाटकाच्या फटीत, अर्धा आत, अर्धा बाहेर, पोट अडकलेलं.

"मज़ाक मत करो मिस्त्री! सुबह पाँच बजे बिटिया को निकलना है."

"इस गाड़ी से नहीं निकलेगी."

"काहे?"

"गाड़ी को दिखता नहीं है."

बाहेर जमलेली, जबलपूरची अख्खी महाराजपूर वस्ती हसली. कोणीतरी ओरडलं, "तो चश्मा लगवा दो, काका!" हसले नाहीत दोघेच. मनोहरकाका आणि मी. दुबेजींची मुलगी नुकतीच डॉक्टर झाली होती, पहाटे आईला शेजारी बसवून स्वतः गाडी चालवत नागपूरला कामावर रुजू व्हायला निघणार होती. सिवनीचं जंगल, घाट, ट्रकांच्या रांगा. आणि त्या पांढऱ्याशुभ्र, आरशासारख्या चमकणाऱ्या गाडीत काय बिघडलंय, हे त्या गर्दीत आम्हा दोघांनाच ठाऊक होतं. शिवाय कुसुमकाकूंना. पण त्या आत मेथी निवडत होत्या.

आधी माझं सांगून टाकतो, म्हणजे पुढे अडचण नको. मी विम्याचा सर्व्हेअर. ठुकलेली गाडी बघायची, काय सुधारायचं आणि काय नवीन टाकायचं ते लिहायचं, हा माझा धंदा. गाडीवाला नुकसान फुगवून सांगतो, कंपनी आवळून ऐकते, आणि जन्मभर या दोघांच्या मध्ये बसल्यामुळे मला सरळ बोलताच येत नाही. तेव्हा माझ्या सांगण्यावर अर्धा घसारा लावा, म्हणजे निम्मंच खरं धरा. प्लॅस्टिकवर आमची कंपनी तेवढाच लावते. जिथे लावायचा नाही, तिथे मी सांगेन.

मनोहरराव खापरे माझ्या वडिलांबरोबर फॅक्टरीत होते. फौजेच्या ट्रकांचे पत्रे ठोकण्यात उमेदीची वर्षं घालवली आणि निवृत्तीनंतर महाराजपुरात शेड टाकली. हिंदी गिऱ्हाइकांचे ते मन्नू मिस्त्री, आम्हा मराठी घरांचे मनोहरकाका. अंगाने इतके सडपातळ की दार जाम झालेल्या गाडीत काच जेमतेम खाली करून शिरत. आणि सगळी ताकद, सगळी अक्कल, सगळा गर्व एका जागी जमा झालेला: डाव्या तळहातात.

डेंटिंग झालेल्या पत्र्यावर ते जुन्या धोतराचा तुकडा ठेवत, त्यावर डावा तळहात टेकवत आणि डोळे मिटून हात फिरवत. मुंगीला ठेच लागणार नाही एवढा उंचवटा त्यांना कळे. या हाताची बडदास्त एखाद्या जावयासारखी. त्याने गरम कप धरायचा नाही, पिशवी उचलायची नाही, थंडीत त्याला एकट्याला हातमोजा. बड्या फुहाऱ्याच्या बाजारात ते भांडी घ्यायला निघाले की दुकानदार शटर ओढून घेत, कारण काका ताटावरून हात फिरवून चारचौघांत जाहीर करत, "भैया, ये एक बार गिर चुका है." माझ्या लग्नात त्यांनी आशीर्वाद द्यायला पाठीवर हात ठेवला आणि सासऱ्यांच्या देखत म्हणाले, "हा लहानपणी जिन्यावरून पडलेला आहे. पण सुधारून घेतलाय, दिसत नाही." सासरे वर्षभर माझ्याकडे संशयाने बघत होते.

कोणी घाई केली की म्हणायचे, "पत्र्याला आधी विचारावं, मग ठोकावं." तरुण कारागिरांना हे ऐकायला वेळ नव्हता. तसे तरुण कारागीर उरलेच कुठे होते? काकांकडे शिकलेले तिघे ई-रिक्षा चालवत होते आणि एक मोबाईलच्या काचा बदलत होता. धंदाच फिरला होता. पूर्वी गाडी पत्र्याची असे, ठोकली की सरळ होई, माणसासारखी. आता पुढून प्लॅस्टिक, मागून प्लॅस्टिक, मध्ये असा कडक पत्रा की ठोकायला गेलं तर हातोडीच शरमावी. शहरात काचेचे महाल उभे राहिले होते, कंपनीचे वर्कशॉप. तिथे मालकाला थंड हवेत बसवून मशीनची कॉफी देतात आणि आत सुधारत काहीच नाहीत, नुसतं बदलतात. रंगाचा मेळ कॉम्प्युटर सांगतो. आमच्या कंपनीने तर मोबाईलमध्ये असं काही आणलं होतं की फोटो काढला की तेच नुकसान सांगतं. म्हणजे उद्या काकांआधी मीच भंगारात. बॅटरीची गाडी आली की काका विहिणीसारखे चार हात लांब उभे राहत. "आधी तिच्या घरच्यांना बोलाव," म्हणत. "करंट कुठून येते, कुठं जाते, मला माहीत नाही. मी हात नाही लावत."

तरी शेड चाललं होतं, आणि ते नुसत्या हातामुळे नाही. कुसुमकाकूंमुळे.

काकांचा नियम होता: अपघाताची गाडी सुधारली की फाटकाबाहेरचा पहिला फेरा ते स्वतः मारणार, आणि शेजारच्या सीटवर त्यांची बायको बसणार. "ज्या गाडीत माझी कुसुम बसत नाही, त्या गाडीत दुसऱ्याची कुसुम काहून बसवायची?" संपला विषय. काकू मुलींच्या शाळेतून निवृत्त झालेल्या इंग्रजीच्या बाई. मांडीवर परात, परातीत मेथी. गाडी पनागरच्या रस्त्याला लागे, काका वेग वाढवत, ब्रेक मारत, खड्ड्यातून नेत, आणि काकू मेथी निवडत. परतल्यावर निकाल लागे. "ठीक आहे," किंवा "डावीकडे ओढून राहिली," किंवा नुसतंच, "नाही." नाही म्हटलं की गाडी पुन्हा उघडायची. एकदा एका बड्या अधिकाऱ्याच्या गाडीला त्या नाही म्हणाल्या. काय ते सांगेनात. काकांनी दोन दिवस गाडी चाचपली आणि पुढच्या चाकामागे, सांगाड्याला केसाएवढी चीर सापडली. त्या अधिकाऱ्याने काकूंना साडी पाठवली. काकूंनी ती परत केली; रंग पक्का नव्हता म्हणे.

मी एकदा विचारलं होतं, "काकू, भीती नाही वाटत? ठुकलेल्या गाडीत पहिलं बसायचं म्हणजे."

"वाटते ना," त्या म्हणाल्या. "पण सांगितलं तर हे मला नेणार नाहीत. मग मला फिरायला कोण नेईल?"

तर दुबेजींची गाडी. पनागरजवळ म्हैस आडवी आली. म्हैस उठून निघून गेली, गाडीचा पुढचा बंपर फाटला. नवीन मॉडेल. पुढे काही दिसलं की स्वतःच ब्रेक मारणारं. मी पाहणी केली. काका म्हणाले, "नवीन बंपर लिही ना बे. हे फाटलंय."

कंपनीचा आम्हाला त्या दिवसांत एकच जप होता: बदलू नका, सुधारा. मी म्हटलं, "काका, एवढीशी चीर. तुमच्या हाताला काय अवघड आहे?"

इथे घसारा लावू नका. हे मी असंच म्हणालो, या शब्दांत, आणि मुद्दाम म्हणालो. कोणत्या माणसाची चाबी कुठे असते हे आमच्या धंद्यात लवकर कळतं. काकांनी डाव्या हाताकडे बघितलं, ओठांच्या कोपऱ्यात हसले आणि म्हणाले, "अच्छा, चलो. बघू." मी लिहिलं: बंपर, दुरुस्त.

आणि काय दुरुस्त केला! प्लॅस्टिक आतून वितळवून जोडलं, वर पुट्टी भरली, घासली, पुन्हा भरली, पुन्हा घासली, रंग चढवला. चीर कुठे होती ते चिरेने स्वतः येऊन शोधलं असतं तरी तिला सापडलं नसतं. मी बोट फिरवलं, फोटो काढले, पास लिहिलं. फाईल बंद.

दुसऱ्या दिवशी दुपारी पहिला फेरा. तो मला काकूंनी सांगितला, आणि काकू फुगवून बोलत नाहीत. रस्ता मोकळा होता. काका सत्तरच्या वेगात. पुढे काही नाही, ना म्हैस, ना माणूस. आणि गाडीने एकाएकी, स्वतःहून, करकचून ब्रेक मारला. परात काचेवर आदळली, मेथी काकांच्या चष्म्यावर, पट्ट्याने काकूंचा खांदा कापला जावा तसा ओढला. आणि मागे ट्रक. हॉर्न थांबेचना. ट्रक थांबला तेव्हा त्याचा हेडलाइट मागच्या काचेला नाक लावून आत बघत होता.

काकांनी गाडी कडेला घेतली. मग काकू म्हणाल्या, "अहो, ही गाडी घाबरून राहिली. आंधळं माणूस घाबरते ना, तशी."

शेडमध्ये आणल्यावर काकांनी सगळं तपासलं. ब्रेक ठीक, चाकं ठीक, वायर एकही तुटलेली नाही. बंपरवर डोळे मिटून हात फिरवला. हात म्हणाला, उत्तम. तीनदा म्हणाला.

काकूंनी तोवर गाडीच्या कप्प्यातलं पुस्तक काढलं. जबलपूर वसल्यापासून गाडीबरोबर येणारं पुस्तक कोणी उघडलेलं नाही. याचं तर प्लॅस्टिकही फाडलेलं नव्हतं. बाईंनी चष्मा लावला, अनुक्रमणिका बघितली आणि उभ्याउभ्या वाचलं. समोर बघणारा गाडीचा डोळा, म्हणजे रडार, बंपरच्या मागे असतो. बंपरच्या आरपार बघतो. तेवढ्या भागावर पुट्टी भरू नये, जाड रंग चढवू नये, तडा गेला तर बंपर बदलावाच. नाहीतर डोळ्याला नाही ते दिसेल, किंवा आहे ते दिसणार नाही.

"पुन्हा वाच," काका म्हणाले.

काकूंनी पुन्हा वाचलं.

मी पोचलो तेव्हा काका स्टुलावर बसले होते, आणि डावा हात त्यांनी मांडीवर उताणा ठेवला होता, परका असल्यासारखा. म्हणाले, "आज नुसती थांबली. उद्या थांबायचं असेल तेव्हा थांबणार नाही." तेवढ्यात फाटकावर दुबेजी आले, आणि त्यांना थोपवायला बाहेर निघालेला मी फटीत अडकलो.

तर आता परत फाटकावर.

दुबेजींनी एकदम गज सोडले आणि माझ्याकडे वळले. "सर्व्हेअर साहब, आप बोलो. पास किया है कि नहीं? दस्तखत आपके हैं कि नहीं?"

 दोनतीन मोबाईल वर आले, त्यांचे डोळे माझ्याकडे. बोलायचं एकच वाक्य होतं: नवीन बंपर मिस्त्रींनी मागितला होता, मी नाही लिहिला. मराठीत किंवा हिंदीत, कशातही चाललं असतं. मी आयुष्यात जेवढं बोललोय त्यात ते अगदी लहान होतं. मी म्हणालो, "काग़ज़ पर तो... ठीक है."

"सुन लिया?" दुबेजी गरजले. "काग़ज़ पर ठीक है, चमक रही है, चल रही है! क्या ख़राबी है, बोलो!"

काकांनी माझ्याकडे बघितलं.  मग फाटकाजवळ आले, आणि तो डावा हात त्यांनी गजांतून बाहेर काढला, पोलिसाला दाखवावा तसा.

"इस हाथ से ग़लती हुई है."

"पूरा जबलपुर बोलता है मन्नू मिस्त्री का हाथ नहीं चूकता!"

"चूका है. सबके सामने बोल रहा हूँ. दो दिन दो, नया लगाकर दूँगा, मेरी तरफ़ से."

दोन दिवस दुबेजींकडे नव्हते. मुलगी परवा रुजू झाली नाही तर जागा जाणार होती. ते क्षणभर थांबले, आणि त्यांच्या चेहऱ्यावर हसू आलं.

"रखो अपनी चाबी," ते म्हणाले. "दूसरी घर पर है. लेकर आता हूँ. मालिक मैं हूँ, देखता हूँ कौन रोकता है."

आणि गेले. घर सिव्हिल लाइन्समध्ये. जाऊन यायला पाऊण तास.

काका फाटकाची साखळी धरून उभे. मालक आपल्या चाबीने आपली गाडी न्यायला येणार. पोलीस बोलावले तर पोलीस त्याच्याच बाजूने. मी पोट सोडवून आत आलो आणि सल्ले द्यायला लागलो. हवा काढू, बॅटरीची वायर सोडू, लेखी घेऊ. काका ऐकत नव्हते. वायर काय, रस्त्यावरचा कोणीही जोडून देईल, आणि गाडी अशी चमकतेय तोवर दुबेजी ती नेणारच.

"श्रीधर," ते म्हणाले, "बाजूला हो."

मी बाजूला झालो. त्यांनी भिंतीवरची मोठी हातोडी काढली, लष्करी ट्रकांची, जी वर्षानुवर्षं कोणी उचलली नव्हती. गाडीसमोर आले. सवयीने डावा तळहात बंपरवर ठेवला, डोळे मिटले. बोटं एका जागी थांबली. मग हात काढला आणि हातोडी घातली.

पत्र्याला आधी विचारणारा माणूस. पहिल्या घावात रंग तडकला. दुसऱ्यात पुट्टी. तिसऱ्यात तो सबंध बंपर, त्यांच्या हातचं मी पाहिलेलं सर्वांत देखणं काम, मधून दुभंगून फरशीवर पडला. बाहेर मोबाईल धरलेले हात गजांतून आत आले होते. काकू मेथीची परात घेऊन दारात उभ्या होत्या. 

दुबेजी दुसरी चाबी घेऊन आले, मुलगीही बरोबर. गाडी पुढून उघडी, दात पडलेल्या म्हाताऱ्यासारखी. दुबेजींच्या तोंडून जे निघालं ते इथे लिहिलं तर कागद जळेल. ते काकांच्या गळपट्टीला धरायला धावले, आणि काका मागे सरकले नाहीत. मुलगी मध्ये आली. तिने खाली वाकून बंपरचा तुकडा उचलला, कड बघितली. रंगाखाली चपातीएवढी जाड पुट्टी. काकूंनी पुस्तक तिच्या हातात दिलं, बोटाने ओळ दाखवली. तिने उभ्याउभ्या वाचलं, काकूंसारखंच. मग काकूंच्या खांद्यावरचा लाल वळ बघितला, ब्लाउजच्या कडेला दिसत होता.

"पापा," ती म्हणाली, "मैं और मम्मी बस से चले जाएँगे."

मुलगी वेळेत रुजू झाली. पण मोबाईल बसपेक्षा लवकर पोचतो. रात्रीच्या आत तो व्हिडिओ सगळ्या शहराने बघितला: मन्नू मिस्त्री स्वतःच्या तोंडाने म्हणतोय, हाथ चूका है, आणि वेड्यासारखी गिऱ्हाइकाची गाडी फोडतोय. कारण कोणी ऐकलं नाही, कारणाला आवाज कमी होता. गिऱ्हाइकं गळाली. महिन्याभरात आमच्या कंपनीने त्यांचं शेड यादीतून काढलं. पत्र द्यायला मलाच पाठवलं. काकांनी ते दोनदा वाचलं, घडी केली आणि म्हणाले, "चहा घेशील?" मी घेतला. हेही घसारा न लावता.

शेवटचं त्यांना बघितलं ते काचेच्या महालात. शेड बंद करण्याआधीची शेवटची गाडी, कोण्या शाळामास्तरांची, तसल्याच डोळ्याची. काकांनी पत्र्याचं काम केलं, बंपर नवीन टाकला, आणि डोळ्याची नजर बसवायला स्वतः मोठ्या वर्कशॉपमध्ये घेऊन आले. मी दुसऱ्या कामाने गेलो होतो. थंड हवेच्या खोलीत दोघं बसलेली, काकूंच्या मांडीवर परात. काचेपलीकडे गाडीसमोर चौकटीचौकटीचा मोठा फलक उभा केला होता आणि मशीन हळूहळू त्याच्याशी गाडीचा डोळा जुळवत होतं. काका काचेला कपाळ लावून बघत होते. डावा तळहात काचेवर टेकलेला, नकळत.

गणवेशातला तरुण बाहेर आला. "हो गया सर. मशीन ने ओके दे दिया."

"अच्छा," काका म्हणाले. "पहले ट्राय में तुम्हारे घर से कौन बैठेगा?"

तो गोंधळून माझ्याकडे बघायला लागला. काकू उठल्या, परात सावरली आणि जाऊन डाव्या सीटवर बसल्या. पट्टा लावला.

काका निघताना मी दार धरून उभा राहिलो. इतके दिवस गिळलेलं तोंडातून निघालंच. "काका, त्या दिवशी फाटकावर... नवीन बंपर तुम्ही मागितला होता. मी नाही म्हटलं होतं. माझं नाव काहून नाही घेतलं?"

त्यांनी आरसा नीट केला, चाबी फिरवली.

"बंपर मी रंगवला होता," म्हणाले.